बहिणीची साक्ष

आमच्या जिल्ह्याच्या कोर्टात मी सव्वीस वर्षं दुभाष्याचं काम केलं. साक्षीदार जर्मनमध्ये बोलायचा, मी ते इंग्रजीत सांगायचो, कारकून लिहून घ्यायचा. शपथ अशी, की कानावर आलं तेवढंच सांगायचं, रतीभर जास्त नाही की कमी नाही. ती शपथ मी एकदाच मोडली आणि तिथल्या तिथे पकडलो गेलो. पकडलं न्यायाधीश लोरेन्झ हाल्बाख यांनी. त्यांच्याबद्दल आमच्या नॉयफेल्ड गावात अजून दोन तट आहेत. मी कुठल्याच तटात नाही. मला अक्षरओळख करून दिली मील्केमास्तरांनी आणि पोटाला लावलं हाल्बाखसाहेबांनी, मग मी कुणाची बाजू घेणार?

साहेब एकोणीस वर्षांचे असताना आईवडील आणि नऊ वर्षांची बहीण वाल्बुर्गा यांच्यासोबत जर्मनीहून अमेरिकेत, विस्कॉन्सिनला आले. तिकडे पाल्झ प्रांतात बंड झालं होतं. वडील खोगीर शिवणारे, त्यांनी बंडखोरांना दोन रात्री घरात ठेवून घेतलं, त्यानंतर तिथे राहण्यात अर्थ नव्हता. मिलवॉकीच्या धक्क्यावर एका गोडबोल्या माणसाने त्यांना ऐंशी एकर जंगल विकलं. कागद इंग्रजीत होता. वडिलांनी सही केली. बापलेकांनी दोन वर्षं झाडं तोडली, बुंधे उपटले, ओंडक्यांचं घर उभं केलं. तिसऱ्या वर्षी घोड्यावरून एक माणूस आला आणि म्हणाला, कागद नीट वाचा, त्यात जमीन नाहीच, फक्त लाकूड तोडायचा हक्क आहे. आई आदल्या हिवाळ्यातच गेली होती. वडिलांनी अंथरूण धरलं ते सोडलं नाही.

बावीस वर्षांचा भाऊ आणि बारा वर्षांची बहीण, दोघं पायी नॉयफेल्डला आली. साहेब बीअरच्या कारखान्यात पिंपं बनवायला लागले. सकाळी कामाला जाण्याआधी ते बहिणीची वेणी घालायचे. ती इतकी वाकडी व्हायची की रविवारी चर्चमध्ये बायका तोंडाला रुमाल लावायच्या. संध्याकाळी ते एका अमेरिकन वकिलाचं ऑफिस झाडायचे, आणि त्याच्या बदल्यात त्याची पुस्तकं वाचायचे. इंग्रजी त्यांनी असं शिकून घेतलं, एकेक शब्द उपटून, बुंध्यासारखा.

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. ते वकील झाले, मग विधानसभेवर गेले. राज्याच्या राजधानीत, मॅडिसनला, ते बोलायला उभे राहिले की सुरुवातीला सभागृहात त्यांच्या उच्चारांची नक्कल व्हायची. दुसऱ्या खेपेला कुणी नक्कल करेना. सरकारी जाहिराती जर्मन वर्तमानपत्रांतही छापाव्यात हा नियम त्यांनीच करून घेतला. नदीवरचा पूलही त्यांचाच. आमची माणसं बीअरचा पेला उचलून म्हणायची, "आपल्या लोरेन्झला विचारा, तो बघून घेईल." मी तेव्हा त्यांच्याकडे नक्कलनवीस होतो, त्यांच्या मसुद्यांच्या स्वच्छ प्रती काढायचो.

वाल्बुर्गाबाईंचं लग्न ट्राउगोट मील्के यांच्याशी झालं. ते चर्चच्या शाळेचे मास्तर. ऑर्गनही तेच वाजवायचे. मोठ्या पोटाचा, मोठ्याने हसणारा माणूस. सगळी शाळा जर्मनमध्ये चालायची, पाढ्यांपासून प्रार्थनेपर्यंत. मास्तर म्हणायचे, "मला इंग्रजी येतं तेवढं गाय विकायला पुरतं. विकत घ्यायची वेळ आली तर मेव्हण्याला बोलावतो."

मेव्हण्याला ते हसू यायचं नाही. रविवारच्या जेवणाला दर वेळी तोच वाद.

"ट्राउगोट, या पोरांना उद्या कागदावर सही करायची आहे," साहेब म्हणायचे. "कागद काय जर्मनमध्ये येणार आहे?"

"तुझ्या वडिलांना फसवलं ते इंग्रजीने नाही, लबाडाने. लबाड जर्मनमध्येही पुष्कळ आहेत. आपल्या चर्चच्या मंडळावरच दोन आहेत."

"दोघांनी आधी खाऊन घ्या," वाल्बुर्गाबाई म्हणायच्या. "माझे बटाट्याचे गोळे कुठल्याच भाषेत गार चांगले लागत नाहीत."

मग एका वर्षी मॅडिसनला शाळांचा कायदा आला. प्रत्येक मुलाने वर्षातून ठरावीक आठवडे इंग्रजीतून शिकलं पाहिजे, नाहीतर शाळा चालवणाऱ्याला शिक्षा. साहेबांनी त्याला मनापासून पाठिंबा दिला. मात्र मूळ मसुद्यात शिक्षा कडक होती. साहेबांनी भांडून एक वाक्य घालून घेतलं, की पहिल्या वेळी न्यायाधीशाला वाटलं तर समज देऊन सोडता येईल. ते वाक्य मी माझ्या हाताने लिहिलं आहे. 'समज' या शब्दावर शाई सांडली म्हणून ते पान मला दोनदा लिहावं लागलं.

कायदा गाजावाजा न होता पास झाला. त्याच वसंतात साहेब न्यायाधीशाच्या जागेसाठी उभे राहिले आणि आमच्या माणसांनी त्यांना भरभरून मतं दिली. मला ते आपल्यासोबत कोर्टात दुभाषा म्हणून घेऊन गेले. शरदात पाद्रींनी कायदा चर्चमध्ये वाचून दाखवला, तेव्हा लोकांना कळलं की आपण कुणाला निवडून दिलं आहे. दुसऱ्या दिवसापासून रस्त्यात साहेबांना बघून टोप्या उचलणं थांबलं.

डिसेंबरात शाळा तपासणाऱ्या अधिकाऱ्याने फिर्याद केली. आरोपी, ट्राउगोट मील्के, एकतीस मुलांना फक्त जर्मनमधून शिकवतात.

कागद टेबलावर आला तेव्हा मी साहेबांच्या खोलीतच होतो. मी म्हणालो, "साहेब, हे शेजारच्या जिल्ह्याच्या न्यायाधीशांकडे पाठवू या. नात्यातलं प्रकरण आहे, कुणी नाव ठेवणार नाही."

"तो दया करील," साहेब म्हणाले. "आणि लोक म्हणतील, कायदा केला हाल्बाखने, आणि वेळ आली तेव्हा दाराआड लपला."

"मग तुम्हीच समज देऊन सोडा. वाक्य तर तुमचंच आहे."

त्यांनी चष्मा काढून पुसला. "आल्विन, मॅडिसनला मी उभा राहिलो की तिथले लोक काय म्हणायचे ठाऊक आहे? जर्मन माणूस जर्मनाचंच बघणार. वीस वर्षं लागली मला ते तोंड बंद करायला. आता पहिलाच खटला, आणि माझ्या मेव्हण्याला सोडू?"

सरकारी वकिलाने साहेबांच्या बसण्याला हरकत घेतली नाही. मास्तरांनीही घेतली नाही. त्यांनी वकीलसुद्धा दिला नाही. मला त्याचं नवल वाटलं होतं.

खटल्याच्या दिवशी कोर्टात पाय ठेवायला जागा नव्हती. ओल्या लोकरीचा वास, शेगडी धडधडत होती. मास्तर रविवारचा काळा कोट घालून आले, आणि आत शिरताच साहेबांकडे बघून मान हलवली, जशी ते जेवायला आल्यावर हलवत.

"नाव?" सरकारी वकील थर्लो यांनी इंग्रजीत विचारलं. मी जर्मनमध्ये विचारलं.

"त्याला सांग, समोर बसला आहे तो माझ्या लग्नात रात्रभर नाचला. नाव त्यालाच विचार."

लोक हसले. साहेब हसले नाहीत. मी फक्त नाव सांगितलं.

मग विचारलं, कायदा माहीत होता का? होता. इंग्रजीत का शिकवलं नाही? मास्तर म्हणाले, "कारण मला येत नाही. जे मला येत नाही ते मी मुलांना कसं शिकवू? शिकवायला दुसरा माणूस आणायला चर्चकडे सोय नाही. एक वर्ष द्या, माझी ओटिली चौदा वर्षांची आहे, ती इंग्रजी शिकते आहे, ती धाकट्यांना शिकवील." हे त्यांनी सरळ, न हसता सांगितलं. मी तसंच्या तसं इंग्रजीत सांगितलं.

त्यानंतर वाल्बुर्गाबाईंनी साक्ष द्यायला परवानगी मागितली. त्या शाळेत धाकट्या मुलांना शिवण शिकवायच्या, म्हणून थर्लोंनी हरकत घेतली नाही. त्या पिंजऱ्यात उभ्या राहिल्या. त्या जर्मनमध्ये बोलणार, मी इंग्रजीत सांगणार, आणि चार हातांवर बसलेला त्यांचा सख्खा भाऊ त्यांचं ऐकून न ऐकल्यासारखं करून माझ्या इंग्रजीची वाट बघणार. कायद्याने तसंच करायचं होतं.

मुलं किती, वेळ काय, हे सगळं झालं. मग त्या वकिलाकडे पाठ करून वर बघायला लागल्या.

"मला एवढंच सांगायचं आहे," त्या म्हणाल्या. "न्यायाधीशांना पहिली अक्षरं आमच्या आईने शिकवली, चुलीपाशी, जर्मनमध्ये. त्या अक्षरांवरच ते पुढे इंग्रजी शिकले. आमच्या आईला आज इथे आणलं असतं तर त्यांनी तिलाही शिक्षा केली असती."

निम्म्याहून जास्त लोकांना ते कळलं होतं. माझ्याकडे थर्लो आणि कारकून बघत होते. मी तोंड उघडलं आणि म्हणालो, "साक्षीदार म्हणतात, न्यायाधीशांना पहिली अक्षरं त्यांच्या आईने जर्मनमध्ये शिकवली, आणि त्यावरच ते इंग्रजी शिकले." आणि थांबलो.

साहेबांनी लेखणी खाली ठेवली. "दुभाष्याने एक वाक्य गाळलं आहे," ते इंग्रजीत म्हणाले. "ते सांगावं."

"साहेब..."

"शपथ घेतली आहे ना तुम्ही? सांगा."

मी सांगितलं. कारकुनाने ते लिहून घेतलं. साहेबांनी त्याला ते वाचून दाखवायला लावलं. तो तरुण अमेरिकन होता, सामानाची यादी वाचावी तसं त्याने ते वाचलं. वाल्बुर्गाबाईंना इंग्रजी फारसं येत नव्हतं, पण 'आई' हा शब्द दोन्ही भाषांत, मुटर आणि मदर, इतका जवळचा आहे की त्यांना कळलं असणार. त्या खाली उतरल्या आणि नवऱ्याशेजारी जाऊन बसल्या.

निकाल त्याच दुपारी लागला. दंड किंवा दहा दिवस कैद, आणि कायद्याप्रमाणे शिकवायची सोय होईपर्यंत शाळा बंद. साहेबांनी निकाल आधी इंग्रजीत वाचला. जर्मनमध्ये सांगायचं काम माझं. मील्केमास्तर माझ्याकडे बघत होते, आणि मी सांगत असताना त्यांच्या चेहऱ्यावर जे आलं तो राग नव्हता. जिन्याची एक पायरी असेल असं धरून पाय टाकावा आणि ती नसावी, तसा चेहरा झाला होता.

"दहा दिवस," ते म्हणाले. "दंड भरणार नाही. आल्विन, ऑर्गनची किल्ली माझ्या वरच्या खिशात आहे, ती पाद्रींना दे."

दहा दिवस त्यांनी जिल्ह्याच्या तुरुंगात काढले. वाल्बुर्गाबाई रोज डबा घेऊन यायच्या. तुरुंग कोर्टाच्या मागेच होता, त्यांना साहेबांच्या खिडकीखालून जावं लागे. एकदा साहेब खिडकी उघडून म्हणाले, "बुर्गा, वर ये, थंडी आहे." त्या थांबल्या, बर्फ झटकला आणि पुढे गेल्या.

सुटून आल्यावर मास्तरांनी शाळा परत उघडली नाही. त्यांच्यातलं काहीतरी उतरून गेलं होतं. मार्चमध्ये कळलं की चौदा कुटुंबं पश्चिमेला डाकोटाला निघाली आहेत, तिकडे त्यांच्या पाद्रींच्या ओळखीची वस्ती होती. मील्के कुटुंब त्यांच्यातच.

गाडी सकाळी सव्वादहाची. त्या दिवशी कोर्टात दोन शेतकऱ्यांच्या कुंपणाचा वाद होता. मी साहेबांना म्हणालो, "अर्धा तास तहकूब करा. स्टेशन काही लांब नाही." ते म्हणाले, "साक्षीदार बारा मैल चालून आला आहे, त्याला ताटकळत ठेवू?" सव्वादहाला शिट्टी ऐकू आली. साक्षीदार कुंपणाच्या खांबांबद्दल बोलत होता. साहेबांनी त्याला उत्तर पुन्हा द्यायला सांगितलं. त्याने दिलं. शिट्टी पुन्हा झाली, आता लांबून. साहेबांनी तिसऱ्यांदा तोच प्रश्न विचारला. शेतकरी गोंधळून माझ्याकडे बघायला लागला.

दुसऱ्याच वर्षी सरकार बदललं आणि तो कायदा रद्द झाला. मॅडिसनमध्ये एका दुपारी, हात वर करून. ज्या शाळा बंद पडल्या होत्या त्या काही उघडल्या नाहीत. आमच्या शाळेच्या इमारतीत एकाने बियाणं ठेवायला सुरुवात केली.

साहेब डाकोटाला पत्रं लिहायचे. ती मीच टपालात टाकायचो. उत्तर यायचं नाही. सहा वर्षांची मुदत संपल्यावर ते पुन्हा उभे राहिले आणि पडले. नॉयफेल्डमध्ये त्यांना अकरा मतं मिळाली. "दहा कुणाची असतील?" एवढंच त्यांनी मला विचारलं.

त्याच उन्हाळ्यात पहिलं पत्र आलं. ओटिलीने लिहिलं होतं, इंग्रजीत. ती तिकडच्या सरकारी शाळेत शिक्षिका झाली होती. बाबा एप्रिलमध्ये वारले, पोटाचं दुखणं होतं. आई बरी आहे. तिने कळवायला सांगितलं म्हणून कळवते आहे. एक पान. साहेबांनी ते दोनदा वाचलं. "इंग्रजी छान आहे," ते म्हणाले. "एकही चूक नाही." आणि खुर्ची भिंतीकडे वळवून बसले.

महिन्याभराने आम्ही डाकोटाला गेलो. त्यांची नजर अधू झाली होती, म्हणून मी सोबत. दोन दिवस गाडी, मग एका शेतकऱ्याच्या घोडागाडीतून अठरा मैल. झाड कुठेच नाही, नुसतं गवत. घर लहान, गवतासकट कापलेल्या मातीच्या ढेपांच्या भिंतींचं, पण खिडकीला इस्त्री केलेले पडदे होते. वाल्बुर्गाबाई दारात उभ्या होत्या. केस पांढरे झाले होते. त्यांनी भावाकडे वरपासून खालपर्यंत बघितलं.

"वाळलास," त्या म्हणाल्या. "आत ये. बूट बाहेर काढ."

त्यांनी जेवायला वाढलं. हवेबद्दल, ओटिलीच्या शाळेबद्दल, शेजारच्या नॉर्वेजियन लोकांबद्दल बोलल्या. "चांगले आहेत, पण कॉफी अशी करतात की घोडासुद्धा झोपणार नाही." जेवण झाल्यावर मी बाहेर जायला उठलो, तर साहेब म्हणाले, "बस, आल्विन. तू होतास तेव्हा."

मग ते बहिणीला म्हणाले, "बुर्गा, मी त्याला सोडू शकलो असतो. पहिल्या वेळी समज देऊन सोडायची कायद्यात सोय होती. मी सोडलं नाही. लोक काय म्हणतील याची भीती वाटली. त्याला मी न्याय समजलो."

वाल्बुर्गाबाई टेबल पुसत होत्या. पुसत राहिल्या.

"सोय होती हे मला माहीत आहे," त्या म्हणाल्या. "ट्राउगोटलाही माहीत होतं. तूच तर लिहिलं होतंस मॅडिसनहून. काळजी करू नका, पहिल्या वेळी समज देऊन सोडायचं वाक्य मी घालून घेतलं आहे, तुमच्यासारख्यांसाठीच घातलं आहे, असं. फिर्याद झाल्यावर त्याने ते पत्र पाद्रींना दाखवलं, सगळ्यांना दाखवलं. म्हणूनच तर वकील केला नाही. मी म्हणत होते वकील कर. तो म्हणाला, कशाला? समोर लोरेन्झ आहे."

साहेबांना ते पत्र लिहिल्याचं आठवत नव्हतं. ते तसं म्हणाले. त्यांनी माझ्याकडे बघितलं. मला आठवत होतं. मीच त्याची प्रत काढली होती, आणि खटल्याच्या दिवशी ते माझ्याही मनात आलं नव्हतं. इतक्या पत्रांच्या प्रती मी तेव्हा काढत होतो. मी हे तिथेच सांगितलं. वाल्बुर्गाबाई म्हणाल्या, "तू पोरगा होतास, तुझं काय." मी तेव्हा अठ्ठावीस वर्षांचा होतो.

"तुरुंगात तो काय म्हणाला?" साहेबांनी विचारलं.

"तुझ्याबद्दल? काही नाही. नंतरही कधी नाही. फक्त शाळेचं नाव काढलं की म्हणायचा, मला मुळात शिकवताच येत नव्हतं. पंचवीस वर्षं शिकवलेला माणूस." त्यांचा आवाज बदलला नाही. "त्याचं मला वाईट वाटतं, लोरेन्झ. दहा दिवसांचं नाही."

आम्ही तीन दिवस राहिलो. साहेब रोज सकाळी मास्तरांच्या थडग्यावर जायचे, तिथे लाकडी क्रूस होता. त्यांनी दगडाचा करू या म्हटलं, तर बहीण म्हणाली, ओटिली करणार आहे. निघायच्या दिवशी वाल्बुर्गाबाईंनी आम्हाला पाव आणि उकडलेली अंडी बांधून दिली. भावाच्या कोटाची कॉलर नीट केली. पुन्हा ये, असं म्हणाल्या नाहीत. येऊ नको, असंही नाही.

परतीच्या गाडीत मिनेसोटा लागल्यावर साहेब म्हणाले, "आल्विन, मला वाटायचं दोन्हींतलं एकच निवडता येतं, कायदा किंवा घर. आणि कायद्यात मी स्वतःच्या हाताने घराला दार ठेवलं होतं. ठेवलं, आणि कुणासाठी ठेवलं ते विसरलो."

त्यानंतर ते चार वर्षं जगले. गावातल्या ज्यांना इंग्रजी येत नव्हतं त्यांचे कागद वाचून द्यायचे, कुणी आलंच तर. फार कमी लोक यायचे. वाल्बुर्गाबाईंना दर महिन्याला पत्र लिहायचे, आणि आता वर्षातून दोनतीनदा उत्तर यायचं, त्यांच्या स्वतःच्या अक्षरात, जर्मनमध्ये, पिकांबद्दल आणि गुडघेदुखीबद्दल. साहेब गेल्याची तार मी केली. त्या येऊ शकल्या नाहीत, बर्फाने रेल्वे बंद होती. वसंतात त्यांनी मला लिहिलं, की थडग्याच्या दगडावर न्यायाधीश लिहिलं असेल तर राहू दे, नसेल तर लिहू नकोस, नुसतं नाव पुरे.

गावाने त्यावर न्यायाधीश कोरून टाकलं होतं. मी त्यांना तसं कळवलं.